जुव्यावर मुलांची सुट्टी : भरतीचा हिशोब, होडी, गरी आणि बाकीची तयारी

आंबोळी
एप्रिलअखेरीस मालवणकडच्या कालावल खाडीतल्या एका जुव्यावर पाच दिवस राहायचं ठरतंय. बाहेरच्यांसाठी सांगते, खाडीतल्या बेटाला तिकडे जुवा म्हणतात. मुलं सात, वयं ५ ते १३. मोठी माणसं चार, त्यातल्या दोघांना पोहता येतं. घर आहे, वीज आहे, विहीर आहे, दुकान नाही. सामान होडीनेच येणार. खाडीच्या तोंडाशी मोठी पुळण (वाळूचा किनारा) आहे, तिथेही होडीनेच जायचं. मुलांच्या मागे दिवसभर ‘नको, नको’ करत फिरायचं नाही, ती उंडारली पाहिजेत. त्यासाठी आधी काय काय पक्कं करायला हवं? प्रेक्षणीय स्थळांची यादी नको, कामाचं सांगा.

दर्याकाठ
सगळ्यात आधी तिथी ठरवा, मग तारीख. मुलांना मोकळं सोडता येईल की नाही हे निम्मं भरती-ओहोटीच्या वेळांवर ठरतं, आणि लोक नेमकं हेच शेवटी बघतात.

किनाऱ्यावरचा जुना हिशोब असा: तिथीची पाऊणपट केली की भरती पूर्ण होण्याची वेळ मिळते. चतुर्थी असेल तर चार गुणिले पाऊण म्हणजे तीन. दुपारी तीनला आणि पहाटे तीनला पाणी पूर्ण चढलेलं असतं. त्यात सव्वासहा तास मिळवले की ओहोटी संपण्याची वेळ, म्हणजे सव्वानऊच्या आसपास. अष्टमीला सहा वाजता भरती, बाराच्या सुमारास पूर्ण ओहोटी. हे चक्र रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकतं. शुद्ध पक्ष असो वा वद्य, गणित तेच.

आता पाणी चढतं कसं ते. सहा तास एकाच वेगाने चढत नाही. एकूण चढ बारा भागांत वाटला तर पहिल्या तासात १ भाग, दुसऱ्यात २, तिसऱ्यात ३, चौथ्यात ३, पाचव्यात २, सहाव्यात १. मधल्या दोन तासांत निम्मं पाणी येतं किंवा जातं. मालवणकडे उधाणाला (पौर्णिमा-अमावास्येच्या पुढेमागे) भरती-ओहोटीतला फरक साधारण दोन मीटर धरा, म्हणजे या दोन तासांत मीटरभर पाणी चढणार. पुळणीचा उतार पन्नासाला एक असेल, तर पाण्याची कड दोन तासांत ५० मीटर आत येते. दगडावर ठेवलेल्या चपला, पिशवी आणि कधीकधी दगडावर बसलेलं मूल पाण्याने वेढलं जातं ते याच वेळात. पहिल्या तासात पाणी हळू सरकताना पाहून लोक ‘अजून वेळ आहे’ असं धरून चालतात.

अलिबागची_सुकती
हिशोब बरोबर आहे, पण तो मुंबई-अलिबागच्या बाजूला बसतो. जसजसं दक्षिणेला जाल तशी भरती लवकर येते. मालवणला पाऊणपटीच्या वेळेतून पाऊण ते एक तास वजा करा. उलट खाडीत जितकं आत जाल तितका उशीर होतो, कारण पाण्याला तोंडातून आत शिरायला वेळ लागतो. त्यामुळे जुव्यावरची वेळ आणि तोंडाजवळच्या पुळणीवरची वेळ एक नसते. पहिल्या दिवशी धक्क्याच्या खांबावर खडूने दर अर्ध्या तासाला खूण करा. दहा-बारा वर्षांच्या मुलांना हे काम फार आवडतं, आणि दुसऱ्या दिवसापासून वेळ तीच सांगतात.

मोबाइलवरचे तक्ते वापरा, पण त्यात बंदर कुठलं निवडलंय ते बघा. मुंबईचा तक्ता लावून मालवणात फिरणं म्हणजे एक तासाची चूक.

अजून एक. पौर्णिमा-अमावास्येच्या पुढेमागे उधाण, अष्टमीच्या पुढेमागे भांग. भांगाच्या दिवसांत पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही, ओढ कमी असते. अलिबागचा कुलाबा किल्ला ओहोटीला चालत गाठता येतो, तरी अष्टमीच्या सुमाराला वाटेत पाणी राहतं ते यामुळेच. किल्ल्यात पायी जायचं असेल तर उधाणाचे दिवस बरे. लहान मुलांना पाण्यात खेळवायचं असेल तर भांगाकडे झुकणारे.

आंबोळी
मग आमच्यासाठी कुठल्या तिथी? एप्रिलअखेर साधारण ठरलंय, पण चार दिवस मागेपुढे चालेल.

दर्याकाठ
तृतीया ते सप्तमी घ्या, कुठलाही पक्ष. ताई, मालवणच्या बाजूचं गणित मांडून दाखवतो.

चतुर्थीला पाऊणपटीने तीन, त्यातून पाऊण तास वजा, म्हणजे दुपारी सव्वादोनची भरती. त्याआधीची ओहोटी सकाळी सव्वाआठच्या सुमाराला संपणार. म्हणजे सात ते सव्वाआठ खडपावर (किनाऱ्यावरच्या खडकांवर), डबक्यांत, शंख-शिंपल्यांत घालवा. पाणी फिरलं की साडेआठ ते साडेदहा डुंबणं. पाणी आत येत असताना डुंबायचं याचं कारण असं की त्या वेळी तोंडाजवळचा प्रवाह माणसाला खाडीच्या आत ढकलतो, समुद्राकडे नेत नाही. शिवाय ऊन अजून चढलेलं नसतं. अकराला घर.

संध्याकाळी मात्र उलटं. चारला ओहोटी जोर धरायला लागते, साडेचार ते साडेसहा हा मधला जोराचा काळ. खाडीतलं सगळं पाणी त्या अरुंद तोंडातून बाहेर पडत असतं. वरून सपाट, तुकतुकीत दिसतं. त्या वेळात खाडीच्या तोंडाशी गुडघ्याच्या वर कुणीही उतरायचं नाही, पोहणाऱ्यानेसुद्धा नाही. पण त्याच वेळी मागे हटणारं पाणी टणक ओली वाळू उघडी करून जातं, आणि खेळायला त्याच्यासारखी जागा नाही.

सप्तमीला ओहोटी साडेदहा-अकराला संपते, म्हणजे सकाळचा वेळ ओढीचा. त्या दिवशी तोंडाकडे जाऊ नका, जुव्यावरच राहा.

नांगर_दोर
होडीबद्दल कुणीच बोललं नाही, म्हणून लिहितो.

अकरा माणसं आणि सामान एका फेरीत नेऊ नका. परवान्यावर प्रवासी क्षमता लिहिलेली असते, ती विचारा. मूल लहान आहे म्हणून अर्धं धरायचं नाही. सामानाची फेरी वेगळी करा. पाण्याचे जार आणि तांदळाचं पोतं तळाला, मधोमध. होडीत पाय ठेवायचा तो मध्यरेषेवर. काठावर पाय दिला की होडी कलते आणि घाबरलेला माणूस त्याच बाजूला वाकतो. मुलं काठावर बसणार नाहीत, तळात किंवा आडव्या फळीवर बसतील. हात बाहेर नाहीत, कारण धक्क्याला लागताना बोटं होडी आणि दगडाच्या मधे सापडतात. ही होडीतली सगळ्यात सामान्य दुखापत आहे.

उतरताना आधी एक मोठा, मग मुलं, शेवटी दुसरा मोठा. दोर बांधून झाल्याशिवाय कुणी उठायचं नाही.

वेळ सकाळची घ्या. रात्री आणि पहाटे जमिनीकडून मतलई वारा असतो, पाणी निवळ असतं. साधारण अकरानंतर खारा वारा धरतो आणि एप्रिल-मेमध्ये दुपारी चांगला जोरात वाहतो. खाडीच्या तोंडाशी वाऱ्याने आलेली लाट आणि बाहेर जाणारं ओहोटीचं पाणी समोरासमोर आलं की लाटा आखूड आणि उभ्या होतात. तांडेल (होडीवाला) ‘आता नको’ म्हणाला तर वाद घालायचा नाही, त्या दिवशी पुळण रद्द.

सुरंगी
जीवरक्षक जॅकेट भाड्याने मिळतं त्यावर विसंबू नका. भाड्याची बहुतेक मोठ्यांच्या मापाची असतात. लहानांची स्वतःची न्या, वजनावर माप बघून घ्या. घातल्यावर दोन्ही खांदे धरून जॅकेट सरळ वर उचला. हनुवटी आणि कान आत गेले तर ते सैल आहे, पाण्यात मूल खालून निसटेल. आठ वर्षांखालच्यांना दोन पायांमधून जाणारा पट्टा हवाच. तयार मिळत नसेल तर रुंद नाडा शिवून घ्या, सुतळी नको, मांडीला घासते.

आणि फुगवायच्या ट्यूबा, बदकं, गाद्या घरी ठेवा. त्यांना पाण्याची नाही, वाऱ्याची ओढ लागते. सकाळी मतलई समुद्राकडे वाहत असते, पाणी शांत असतं, आणि ट्यूबमधलं मूल पाय न हलवताही लांब जातं. मोठा माणूस पोहून त्या ट्यूबला गाठू शकत नाही.

वाडीवरचा
ट्यूबबद्दल थोडं वेगळं मत. खाडीच्या आत, कंबरभर पाण्यात, दोर बांधून आणि दोर मोठ्याच्या हातात असेल तर पाच वर्षांच्या मुलाला चालते. तोंडाकडे मात्र अजिबात नाही.

सुरंगी
दोर हातात असेल तोवर ठीक. मनगटाला गुंडाळू नका, खेच बसली की हात अडकतो. आणि तो दोर धरणाऱ्याने त्या वेळात दुसरं काहीही करायचं नाही. चौघांत हे जमेल का ते बघा.

दर्याकाठ
डुंबण्याच्या जागेबद्दल. खाडीत सगळीकडे तळ सारखा नसतो. वाळूच्या दांड्याची कड अचानक तुटते. गुडघाभर पाण्यातून पुढचं पाऊल छातीभर पाण्यात पडतं. जिथे वाळूउपसा झालाय तिथे तळाला खड्डे असतात, ते वरून कळत नाहीत. म्हणून मुलं उतरण्याआधी मोठ्याने पूर्ण ओहोटीला ती जागा काठी टेकत चालून बघायची. सपाट तुकडा सापडला की चारी कोपऱ्यांना बांबू रोवायचे, टोकाला लाल फडकं. रोज पुन्हा तपासायचं, कारण वाळू हलते.

मग नियम थोडे, पण पक्के. बांबूच्या बाहेर कुणी नाही. मोठा माणूस मुलं आणि खोल पाणी यांच्या मधे उभा राहील, किनाऱ्याकडे तोंड करून. दर वीस मिनिटांनी माणूस बदलेल. पाळी घेताना तोंडाने म्हणायचं, ‘आता माझी पाळी’. ‘सगळेच बघतायत’ म्हणजे कुणीच बघत नसतं. मुलांच्या जोड्या लावा, मोठं-लहान, सातवं मूल एका जोडीत तिसरं. शिट्टीची एक लांब फुंक म्हणजे जोडीदाराचा हात धरून काठावर. पहिल्या सकाळी हेच चार-पाच वेळा खेळ म्हणून करून घ्या.

बुडणारं मूल ओरडत नाही. तोंड पाण्याच्या पातळीशी, डोकं मागे कललेलं, हात बाजूला पाणी दाबत, आणि आवाज नाही. हसत-किंचाळत असलेल्या मुलाची काळजी कमी करा, अचानक गप्प झालेल्याकडे बघा.

उघड्या समुद्राच्या बाजूला एक ओळखायला शिका: सगळीकडे लाटा फुटतायत आणि मधेच एक पट्टा सपाट, गढूळ, फेस बाहेर नेणारा दिसतो. तीच ओढ. नवखे लोक नेमके तिथे उतरतात, कारण तिथे लाट नसते. सापडलात तर किनाऱ्याकडे झगडू नका, किनाऱ्याला समांतर पोहत पट्ट्याबाहेर या.

माडबन
गावची म्हातारी माणसं एकच सांगतात, ‘दर्याक पाठ करू नये.’ शिंपले वेचताना मुलं नेमकी वाकून, पाठ समुद्राकडे करून बसतात. तेवढं एक त्यांच्या अंगवळणी पाडा.

गरीवाला
आता गमतीचं. पाच दिवसांत मुलांचा सगळ्यात जास्त वेळ गरवण्यात (गळाने मासे धरण्यात) जाईल, बघा.

पाच-सहा वर्षांच्यांना गळ नकोच. दोन मीटर सुतळी, टोकाला माशाचं डोकं बांधायचं, वर एक जुना नट वजनाला. धक्क्याच्या दगडाशी सोडायची आणि थांबायचं. कुर्ली (खेकडा) डोकं धरते आणि सोडत नाही. सुतळी ताणली की झटका द्यायचा नाही, अगदी हळू वर घ्यायची. पाण्याच्या पृष्ठभागाशी आली की खालून जाळी लावायची. पाण्याबाहेर काढली की सोडून देते, सगळी हुकतात ती तिथेच. पकडायची तर मागच्या बाजूने, पाठ आणि पोट चिमटीत. पोटाखाली अंड्यांचा पिवळा-तपकिरी गोळा दिसला तर परत सोडायची.

आठ-नऊच्या पुढच्यांना हातगरी. रिकाम्या पाण्याच्या बाटलीवर १५ मीटर तंगूस (नायलॉनचा दोरा) गुंडाळा, ०.४० मिलिमीटरचा पुरे. टोकाला वजन, त्याच्या वर वीतभर अंतरावर एक गळ. दोन गळ लावले की मुलांचे गुंते दुप्पट होतात. गळाच्या आतल्या बाजूचा उलटा काटा पकडीने दाबून सपाट करा. मासे थोडे जास्त सुटतील, पण बोटात शिरलेला गळ सहज निघेल. आमिष सोललेल्या कोलंबीचं, गळ झाकेल इतकंच. मोठा तुकडा लावला की बारके मासे कडेकडेने खाऊन जातात आणि गळ रिकामा वर येतो.

टाकताना मागे कुणी नाही ना, हे टाकणाऱ्याने मोठ्याने विचारायचं. तंगूस बोटाला गुंडाळायचा नाही, चिमटीत धरायचा. पहिला ठोका लहान असतो, दुसऱ्याला खेचायचं. वेळ, पाणी फिरल्यानंतरचे दोन तास. खडपाशी गोबरा आणि तांबोशी, खाडीत आत काळुंदर.

शिंगाळा आला तर मुलांनी हात लावायचा नाही. पाठीवर एक आणि दोन्ही बाजूंच्या परांना एकेक असे तीन काटे असतात, त्यांना विष असतं, मेलेल्या माशाचेही लागतात. ओल्या फडक्याने धरून पकडीने गळ काढा, नाहीतर तंगूस कापा.

सुरंगी
शिंगाळा किंवा पाकट (शेपटीला काटा असलेला चपटा मासा) लागलं तर जखम धुऊन, सोसेल इतक्या गरम पाण्यात हात-पाय अर्धा ते दीड तास बुडवून ठेवा. उष्णतेने त्या विषाचा जोर मोडतो आणि कळ उतरते. पाण्याची उष्णता मोठ्याने आपल्या हाताने आधी बघायची, दुखण्याच्या भरात मुलाला भाजल्याचं कळत नाही. काटा आत मोडला असेल किंवा छाती-पोटाला लागला असेल तर काढायचा नाही, थेट दवाखाना.

पाकट उथळ वाळूत अंग पुरून बसतं. पाय उचलून टाकायचे नाहीत, घासत सरकवायचे. चाहूल लागली की ते निघून जातं. मुलांना ‘आगगाडीची चाल’ म्हणून शिकवा.

जेलीफिश लागली तर समुद्राच्याच पाण्याने धुवा. गोडं पाणी ओतलं की चिकटलेल्या पेशी आणखी फुटतात. वाळूने चोळू नका. धागे चिमट्याने काढा. श्वास लागला, ओठ सुजले तर वेळ न घालवता दवाखाना.

अलिबागची_सुकती
खडपावर अनवाणी नाही. कालवांची धार ब्लेडसारखी असते आणि ती जखम चिघळते. पट्ट्याच्या रबरी सँडल किंवा जुने कॅनव्हासचे बूट घाला. साध्या चपला चिखलात राहतात. हिरवं शेवाळ आणि काळी तुकतुकीत पट्टी दोन्ही निसरडी, खरखरीत करड्या दगडावर पाय ठेवायचा.

डबकं बघायची पद्धत अशी. सावली पाण्यावर न पाडता बसायचं आणि दोन मिनिटं हलायचं नाही. आधी काहीच दिसत नाही. मग एक शंख चालायला लागतो, तो शंखातला खेकडा. भिंतीला चिकटलेलं मऊ फूल दिसतं, ते समुद्रफूल. बोट लागलं की मिटतं. दगड उलटला तर तसाच परत ठेवायचा, ज्या बाजूला ओल होती ती खाली. उलटा राहिलेल्या दगडाखालचं सगळं उन्हात मरतं.

शंकूच्या आकाराचा, नक्षीदार, जिवंत शंख उचलायचा नाही. काही शंकूशंखांना विषारी दात असतो. प्रवाळ, समुद्रकाकडी, समुद्रघोडा यांना १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे, मेलेलं प्रवाळसुद्धा घरी आणायचं नाही. साधे रिकामे शिंपले मूठभर पुरेत. रिकाम्या शंखातच तो खेकडा घर करतो हे सांगितलं की मुलं आपणहून ठेवून देतात.

माडबन
पाणी. जुव्यावरची विहीर म्हणजे खाऱ्या पाण्यावर तरंगणारा गोड्या पाण्याचा थर. पावसाचं मुरलेलं पाणी हलकं, ते वर राहतं. सिंधुदुर्ग किल्ल्यात चहूकडे समुद्र असताना दूधबाव, साखरबाव, दहीबाव गोड्या आहेत. एप्रिलअखेर हा थर पातळ झालेला असतो. पंप लावून एकदम टाकी भरली की खालचं खारं पाणी वर चढतं आणि विहीर मचूळ होते. म्हणून राजूने (दोराने), थोडं थोडं, सकाळ-संध्याकाळ काढा. मुलांना शेंदायला देऊ नका, विहिरीला कठडा नसेल तर ती पहिल्या दिवशीच पक्क्या फळ्यांनी झाकून घ्या.

प्यायचं पाणी वेगळं न्या. अकरा माणसांना उन्हाळ्यात माणशी तीन लिटर म्हणजे रोजचे ३३, स्वयंपाक धरून वीस लिटरचे दोन जार. पाच दिवसांचे दहा, पण एकदम आणू नका, तांडेलाला एक दिवसाआड पोच करायला सांगा.

समुद्रातून आल्यावर अंघोळीला दोन तांबे पुरतात, पद्धत हवी. आधी अंग वाळू द्यायचं, कोरडी वाळू पंच्याने झटकायची, काखेत-मांडीत टाल्कम पावडर लावली की उरलेली वाळू आपोआप गळते. मग एक तांब्या डोक्यावरून, दुसरा खाली. मीठ अंगावर राहिलं तर रात्री मांड्या सोलवटतात. पायाला डांबराचे गोळे चिकटले असतील तर खोबरेल तेलाने चोळून काढा, रॉकेलने नाही.

उलटी-जुलाब झाले आणि जलसंजीवनीची पुडी संपली असेल तर एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. चमचा चहाचा. मीठ अंदाजाने टाकायचं नाही, जास्त झालं तर त्रास वाढतो.

वाडीवरचा
जमिनीवरचं राहिलं. जांभ्याच्या कातळावर आणि दगडी गडग्यांत (बुटक्या कुंपणभिंतींत) फुरसं हा विषारी साप असतो. वीतभर-दीडवीत लांब, मातकट, अंधारात दिसत नाही. संध्याकाळनंतर बॅटरी आणि बंद बूट, गडग्याच्या भेगेत हात नाही, चेंडू आत गेला तर काठीने काढायचा. अंथरूण झटकून घालायचं, सकाळी बूट उपडे करून घालायचे. विंचू आत बसतो. चावलं तर दोरी बांधायची नाही, कापायचं नाही, चोखायचं नाही. पाय हलू न देता होडी. लाल विंचवाच्या दंशात प्राझोसिन हे औषध लवकर मिळालं तर जीव वाचतो, हे महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी दाखवून दिलंय. म्हणून घरगुती उपायात तास घालवू नका.

जवळच्या कुठल्या रुग्णालयात सर्पदंशाची लस आहे आणि रात्री कोणाची होडी मिळेल, ही दोन उत्तरं जाण्याआधी फोन करून घ्या. रुग्णवाहिका १०८, आपत्कालीन ११२, समुद्रात तटरक्षक दल १५५४. दारामागे कागदावर मोठ्या अक्षरात लावा.

एप्रिलमध्ये काजू पण असतो. बोंडं खुशाल खाऊ द्या, बी मात्र दातांनी फोडू द्यायची नाही. सालीतलं तेल ओठ आणि बोटं जाळतं. आणि फळं धरलेल्या माडाखाली चटई टाकायची नाही.

आंबोळी
सगळं लिहून घेतलंय. संध्याकाळच्या ओल्या वाळूत काय खेळवता येईल? मुलांचं वय फार वेगवेगळं आहे.

पोफळीची_विरी
आट्यापाट्या! टाचेने रेघा ओढल्या की मैदान तयार. पूर्ण खेळात नऊ पाट्या (आडव्या रेघा) आणि मधून उभी रेघ, म्हणजे सूर असतो. सात मुलांना तीन पाट्या पुरेत, दोन मोठे सामील करून घ्या. दोन पाट्यांत चार पावलं, रुंदी आठ पावलं. लहानांना ‘कच्चं लिंबू’ ठेवा. पडलं तरी लागत नाही, त्यामुळे डांबरी रस्त्यावरची मुलंही इथे बेधडक सूर मारतात.

किल्ला करायचा तर भरतीनंतर दोन तासांनी, पाणी मागे जात असताना सुरुवात करा, चार तास मिळतात. कोरडी वाळू ढासळते आणि लदबदलेली वाहते. आठ भाग वाळूला एक भाग पाणी असा अंदाज धरा. मुठीत दाबून गोळा केला आणि हातावरून हातावर टाकला तरी फुटला नाही, की जमलं. बादली पालथी घालून बुरूज करण्यापेक्षा बूड कापलेली बादली वापरा: जमिनीवर ठेवा, चार बोटं वाळू, पायाने दाबा, पुन्हा चार बोटं, असं वरपर्यंत. मग बादली वर ओढा. कोरीवकाम वरून खाली करत यायचं, म्हणजे पडणारी वाळू झालेल्या कामावर येत नाही. समुद्राच्या बाजूला खंदक आणि त्यापुढे बांध.

पण खड्डा सगळ्यात लहान मुलाच्या गुडघ्यापेक्षा खोल नाही, आणि बोगदा तर नाहीच. वाळूची भिंत सूचना न देता बसते, आणि दबलेल्याला उकरताना बाजूची वाळू पुन्हा आत येते. निघताना खड्डे बुजवून या.

पोफळीची गळलेली विरी (झावळीचं रुंद बूड) मिळाली तर एकाने रुंद भागावर बसायचं, दुसऱ्याने झावळीचा दांडा धरून ओढायचं. ओल्या वाळूवर सुसाट जाते.

माडबन
सोडणाच्या होड्या राहिल्या. नारळाचं सुकं सोडण घ्या, चार फाकांतली एक. आतली काथ्याची बाजू वर. मधोमध हीर (माडाच्या पातीची काडी) खोचून त्याला फणसाचं पान शीड म्हणून दोन ठिकाणी टोचायचं, थोडा फुगवटा ठेवून. ही अशीच सोडली तर वाऱ्याच्या पहिल्या झुळकीला कलंडते. खाली बोटभर चपटा दगड सुतळीने बांधा, बरोबर शिडाच्या खाली नको, किंचित मागे. आता ती सरळ जाते. फणसाचं पान जाड असतं, भिजून लोळत नाही. आंब्याचं अरुंद पडतं.

शर्यत भरती पूर्ण होऊन पाणी थांबलेलं असतं त्या पंधरा-वीस मिनिटांत लावा. पाचव्या दिवशी ती वेळ पहाटे साडेचार आणि संध्याकाळी साडेचारची येईल, संध्याकाळची घ्या. पैलतीराकडे नाही, काठाला समांतर सोडायच्या, म्हणजे मुलं घोटाभर पाण्यातून होडीबरोबर धावत जातात.